टंचाईचा खेळ

मे महिन्यातली परभणी ज्यांनी पाहिली आहे, त्यांना दुपारी घराबाहेर का पडू नये हे सांगावे लागत नाही. रस्त्यावर चिटपाखरू नसते. कूलरमध्ये ओतायला जपून ठेवलेले दोन बादल्या पाणी आणि लाईट केव्हा जाईल याची धास्ती, एवढ्या भांडवलावर माणसे बारा ते पाच हा काळ काढतात. अशाच एका दुपारी बहिणीकडे गेलो होतो. बारावीत जाणारा भाचा आतल्या खोलीत संगणकापुढे बसला होता. पडद्यावर निळाशार समुद्र, त्यात एक शिडाचे गलबत आणि गलबत किनाऱ्याकिनाऱ्याने चालले होते, भाजी घ्यायला निघालेल्या माणसासारखे, इकडे थांब, तिकडे डोकाव असे.

“काय करायलास रे?” मी विचारले.

“बाभूळ शोधायलो, मामा.”

मला वाटले, ऐकण्यात काही चूक झाली. पण नाही. गलबत मोठे करायचे तर त्याला ‘अकेशिया’चे लाकूड लागत होते, आणि अकेशिया म्हणजे आपल्या बाभळीचेच गोत, हे त्याला शाळेच्या पुस्तकातून ठाऊक होते. एक दोस्त मानवतला, एक सेलूला, एक पुण्याला. चौघेही कानाला यंत्र लावून, एकमेकांना हाका मारत, हिंदी महासागरात सरपण गोळा करावे तसे लाकूड गोळा करत होते. परभणीच्या पोराने समुद्र पाहिलेला नाही. बाभळी मात्र त्याच्या आजोबांच्या शेताच्या बांधावर उभ्या आहेत, आणि त्यांच्याकडे त्याने कधी मान वर करून पाहिल्याचे माझ्या स्मरणात नाही.

त्या दिवशी मी गंमत म्हणून शेजारी खुर्ची ओढून बसलो, तो दोन तास उठलो नाही. घराघरांतून आई-बाप ज्या गोष्टीवर वैतागतात ती नेमकी काय आहे हे त्यांतल्या फार थोड्यांनी शेजारी बसून पाहिलेले असते. मीही तोवर पाहिलेले नव्हते.

या खेळाचे नाव ‘स्कल अँड बोन्स’. युबिसॉफ्ट या फ्रेंच कंपनीच्या सिंगापूरच्या शाखेने तो बनवला. २०१७ साली त्याची घोषणा झाली, मग तारखांवर तारखा पडत गेल्या आणि अखेर फेब्रुवारी २०२४ मध्ये तो बाजारात आला. काळ सतराव्या शतकाचा, जागा हिंदी महासागर, आफ्रिकेच्या किनाऱ्यापासून ईस्ट इंडीजच्या बेटांपर्यंत, आणि खेळणारा प्रत्येक जण चाचा. सुरुवातीला हाती एक लहानशी होडी. पुढचे मोठे जहाज हवे असेल तर आधी त्याचा नकाशा मिळवायचा, मग लाकूड, लोखंड, ताग-दोर असे साहित्य जमवून ते सुताराकडे नेऊन द्यायचे. तोफाही तशाच, शिडेही तशीच.

आता हे साहित्य मिळवायचे कसे, यातच खेळाचे सारे मर्म आहे. काही झाडे किनाऱ्याला असतात; जहाज जवळ नेऊन, पडद्यावर सरकणारा काटा नेमक्या जागी आल्यावर कळ दाबायची, की करवत चालते. काही वस्तू ठरावीक बंदरातल्या ठरावीक व्यापाऱ्याकडेच मिळतात. आणि ज्या खरोखर दुर्मीळ, त्या दुसऱ्याच्या जहाजात असतात. दुर्बीण लावली की समोरून येणाऱ्या गलबताच्या पोटात काय आहे ते दिसते. हवे ते असले तर तोफा डागायच्या. भाच्याने यासाठी एक वही केली होती. दोनशे पानी, वर रसायनशास्त्राचे नाव लिहिलेली. आत बेटांची नावे, कुठे काय सापडते, कुठल्या कंपनीची जहाजे काय वाहून नेतात, कोणाकडे काय भाव. अक्षर सुंदर. इतक्या नेटक्या नोंदी त्याच्या बापाने कापसाच्या हिशेबाच्याही कधी ठेवल्या नसतील.

“हे एक भेटंना गेलंय चार दिवस झाले,” वहीतल्या एका नावाखाली दोन रेघा ओढलेल्या मला दाखवत तो म्हणाला. चेहऱ्यावर खरी काळजी होती.

ही काळजी कुठून येते? रानात खरोखरच झाडे संपली म्हणून येत नाही. संगणकातल्या झाडाला ना पाणी लागते ना माती. एक झाड काढायला जेवढा खर्च, तेवढ्यात लाख काढता येतात. तरीही ते मिळत नाही, कारण ते मिळू नये असे कोणीतरी ठरवलेले आहे. किती मिळावे, कुठे मिळावे, शोधणाऱ्याला सरासरी किती तास फिरवावे, हे आकडे कार्यालयात बसून कोणीतरी भरलेले असतात. आणि दर तीन-चार महिन्यांनी नवा ‘हंगाम’ सुरू झाला की नवी टंचाई येते. आपल्याकडे हंगाम आभाळातून येतो, तिथे तो वेळापत्रकातून येतो.

हा प्रकार नवा नाही. २००३ साली आलेल्या ‘पझल पायरेट्स’ या चाच्यांच्याच खेळात लाकूड, लोखंड, ताग, ऊस असा कच्चा माल बेटाबेटांवर निघे. तो जहाजांतून वाहून न्यायचा, दुकाने खेळणाऱ्यांचीच, आणि त्या दुकानांत मजुरी करायची ती कोडी सोडवून. म्हणजे एक अख्खी बाजारपेठच. त्याच्याही आधी, २००१ साली, एडवर्ड कॅस्ट्रोनोव्हा नावाच्या अमेरिकेतल्या अर्थशास्त्राच्या प्राध्यापकाने ‘एव्हरक्वेस्ट’ या खेळातल्या काल्पनिक देशाचा हिशेब मांडला होता. खेळातल्या वस्तू लोक बाहेर खऱ्या डॉलरांत विकत होते, त्या भावांवरून त्याने त्या देशाचे दरडोई उत्पन्न काढले. ते निघाले २,२६६ डॉलर, रशिया आणि बल्गेरिया यांच्या मधले. अस्तित्वातच नसलेला देश त्या वेळच्या भारताच्या कितीतरी पुढे होता! २००७ मध्ये आइसलंडच्या एका कंपनीने ‘ईव्ह ऑनलाइन’ या आपल्या अंतराळातल्या खेळासाठी एक अर्थतज्ज्ञच नोकरीला ठेवला. खनिजे किती निघतात, भाव कसे फिरतात, यावर तो रिझर्व्ह बँकेसारखे अहवाल काढी.

या सर्वांनी एकच गोष्ट ओळखली होती. भरपूर मिळाले की माणसाचा रस संपतो. अडवून ठेवले, अधूनमधून थोडे दिले, की तो बसून राहतो. स्किनर या मानसशास्त्रज्ञाने हे कबुतरांवर गेल्या शतकाच्या मध्यालाच दाखवले होते. दरवेळी दाणा मिळणारे कबुतर दाणा बंद होताच लवकर कंटाळते. केव्हा मिळेल याचा नेम नसलेले कबुतर मात्र चोच मारतच राहते.

पण एवढ्यावर थांबून खेळांना नावे ठेवणे हा अन्याय होईल. शोधण्यात स्वतःचा असा आनंद आहे. आम्ही लहानपणी दुधना नदीच्या पात्रात गारगोट्या शोधत उन्हात फिरलो, त्यात काय मिळवले? ‘आज सापडेल’ एवढेच. शिवाय त्या दोन तासांत मी जे पाहिले त्यात नुसती चोच मारणे नव्हते. मानवतच्या पोराकडे लोखंड जास्त होते, सेलूच्याकडे दोर. त्यांची आपसांत वाटणी चालली होती, कोणाचे जहाज आधी बांधायचे यावर भांडण झाले आणि शेवटी ज्याचे सर्वांत मागे राहिले होते त्याचे आधी, असे ठरले. ही समज सहकारी संस्थांच्या वार्षिक सभांतून मला क्वचितच दिसली आहे.

मग सरकार कशाच्या मागे लागले आहे? ऑनलाइन खेळांच्या प्रोत्साहनाचा व नियमनाचा कायदा संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये दोन दिवसांत संमत केला. २० तारखेला लोकसभा, २१ला राज्यसभा आणि २२ला राष्ट्रपतींची संमती. दोन्ही सभागृहांत त्यावर चर्चा म्हणावी अशी झाली नाही, हे नोंदवायला हवे. या कायद्याने खेळांचे तीन वर्ग केले. ई-स्पोर्ट्स, म्हणजे स्पर्धेचे खेळ; सामाजिक खेळ, म्हणजे करमणुकीचे वा शिकवणारे; आणि पैशांचे खेळ, ज्यात पैसे लावून पैसे जिंकण्याची आशा असते. पहिल्या दोहोंना प्रोत्साहन, तिसऱ्याला सरसकट बंदी. कौशल्याचा खेळ की नशिबाचा, हा जुना वादच त्याने निकालात काढला. असा खेळ चालवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक कोटीपर्यंत दंड, जाहिरात करणाऱ्याला दोन वर्षे आणि पन्नास लाख. खेळणाऱ्याला शिक्षा नाही.

ही बंदी कशासाठी हवी होती ते मराठवाड्यातल्या कोणालाही विचारावे. मोबाइलवरच्या रमीत पीककर्ज घालवलेला माणूस आपल्या ओळखीत नाही, असे म्हणणारा गाव-खेड्यात विरळा. कायदा येण्याच्या महिनाभर आधी, जुलै २०२५ मध्ये, तेव्हाचे कृषिमंत्री माणिकराव कोकाटे विधान परिषदेत मोबाइलवर रमी पाहत असल्याची चित्रफीत गाजली. आपण खेळत नव्हतो, मध्येच उघडलेला खेळ बंद करत होतो, असा खुलासा त्यांनी केला. जुलै संपता संपता त्यांच्याकडचे कृषिखाते गेले आणि क्रीडाखाते आले. यावर पारावर जे विनोद झाले ते इथे छापण्याजोगे नाहीत.

पण भाच्याचा खेळ या कायद्याच्या लेखी कुठे बसतो? त्यात पैसे लावायचे नाहीत, जिंकायचे नाहीत. खेळ एकदा विकत घ्यायचा, मग वर पैसे टाकून मिळते ती मुख्यत्वे सजावट. म्हणजे तो सामाजिक खेळ ठरेल, आणि ते योग्यच आहे. फक्त एवढेच की पैशाऐवजी जे लावले जाते त्याचे मोजमाप कायद्याजवळ नाही. दोन रेघा ओढलेल्या त्या एका वस्तूपायी चार दिवसांचे प्रत्येकी पाच तास गेले. त्याने काही हरले नाही, कारण डावावर काही ठेवलेच नव्हते. आणि तरीही वीस तास गेले. बेल्जियमने २०१८ मध्ये पैसे देऊन उघडायच्या खेळातल्या ‘नशिबाच्या पेट्या’ जुगार ठरवल्या, तिथेही रेघ पैशाशीच ओढली गेली. आपल्याकडे त्याआधीच्या बंद्या तर वेगळ्याच कारणाच्या होत्या. सप्टेंबर २०२० मध्ये ‘पब्जी’ गेला तो देशाच्या सुरक्षिततेच्या मुद्द्यावर. मुलांच्या वेळेचा प्रश्न आई-बापांच्या तोंडी होता, आदेशात नव्हता. आणि मला वाटते, तो आदेशात नसावाच. किती वाजता झोपावे हे सरकारने सांगण्यापेक्षा बहिणीने सांगितलेले बरे. मात्र सांगणाऱ्याला पडद्यावर काय चालले आहे ते ठाऊक हवे. ‘बंद कर ते’ या वाक्याला मुले दाद देत नाहीत. ‘ते लाकूड मिळत नाही कारण ते तसे ठरवले आहे’ हे ऐकल्यावर भाच्याने पहिल्यांदा कानावरचे यंत्र काढले.

“म्हणजे मुद्दाम?”

“मुद्दाम.”

तो थोडा वेळ गप्प बसला. मग म्हणाला, “मामा, खरे चाचे काय करायचे मग? त्यांना भेटायचं का लाकूड?”

हा प्रश्न मला आवडला, कारण त्याचे उत्तर आपल्या घरातले आहे. खेळ बाजारात आला तेव्हा त्याच्या नकाशात कोकणचा किनारा नव्हता. पण त्या समुद्रात इंग्रज ज्यांना सर्वांत मोठे ‘चाचे’ म्हणत ते कान्होजी आंग्रे तिथलेच, कुलाब्याचे. मराठ्यांचे सरखेल, स्वतःच्या समुद्रात दस्तक देऊन कर घेणारे आणि न देणाऱ्याची जहाजे धरणारे. कंपनीची जहाजेही त्यांनी धरली, म्हणून ते चाचे! १७१७ला विजयदुर्ग, १७१८ला खांदेरी, १७२१ला पोर्तुगिजांना सोबत घेऊन कुलाबा, असे तीन वार इंग्रजांनी केले आणि तिन्ही फुकट गेले. आज मुंबईत भारतीय नौदलाच्या तळाला ‘आंग्रे’ हे नाव आहे. चाचा कोण हे नेहमी दुसऱ्या बाजूचा माणूस ठरवत असतो.

या आरमाराच्या गुराबा, गलबते, तरांडी, शिबाडे लाकडाचीच. लाकडाची टंचाईही खरी, कारण चांगला साग उभा राहायला माणसाचे आयुष्य जाते. यावर मराठ्यांच्या राज्यात विचार झालेला होता आणि तो लिहून ठेवलेला आहे. रामचंद्रपंत अमात्यांच्या ‘आज्ञापत्रा’त, म्हणजे अठराव्या शतकाच्या पहिल्या-दुसऱ्या दशकात, आरमाराच्या प्रकरणात लाकडाविषयी स्पष्ट सूचना आहेत. राज्यातल्या अरण्यातला साग वगैरे लागेल तेवढा परवानगीने तोडावा, आणखी लागेल तो परमुलखातून विकत आणावा. आंबा-फणसाचे लाकूड आरमाराच्या कामाचे असले तरी त्याला हात लावू देऊ नये, कारण ही झाडे वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत, रयतेने ती पोटच्या लेकरासारखी वाढवलेली असतात, तोडली तर तिच्या दुःखाला पार राहत नाही. एखादे झाड अगदीच जीर्ण होऊन कामातून गेले असेल, तर धन्याला राजी करून, मोल देऊन, त्याच्या संतोषाने न्यावे. बळजबरी करू नये.

भाच्याला हे सांगितले तेव्हा तो म्हणाला, “खेळात तर झाड थोड्या वेळानं परत येतंय.” खेळात आणि खऱ्यात फरक एवढाच, पण तो फार मोठा आहे. तिथल्या झाडाला धनी नाही. त्यामुळे कोणाला राजी करायचे नसते. दुर्बिणीतून दुसऱ्याच्या जहाजातला माल दिसतो, त्या मालामागचा माणूस दिसत नाही.

इंग्रजांनी पुढे काय केले तेही सांगण्यासारखे आहे. फेब्रुवारी १७५६ मध्ये विजयदुर्गाला तुळाजी आंग्र्यांचे आरमार जळाले, आणि त्या कामी पेशवे इंग्रजांच्या बाजूला होते, हे आपल्याला अजून सुखाने बोलता येत नाही. त्यानंतर समुद्रावर त्यांना अडवणारे कोणी उरले नाही. मुंबईच्या गोदीत वाडिया घराण्यातले कसबी कारागीर मलबारच्या सागाची जहाजे बांधत. १८१७ साली त्यांनी बांधलेले ‘ट्रिंकोमाली’ इंग्लंडात हार्टलपूलला आजही पाण्यावर उभे आहे, यावरून त्या सागाची जात कळावी. पण त्यांच्या देशातला ओक संपत आला आणि नजर सागावर गेली. १८०६ मध्ये कॅप्टन वॉटसन नावाचा पहिला वनसंरक्षक मलबारात नेमला गेला. त्याने सागावर मक्ताच बसवला. ज्याच्या जमिनीत झाड त्यालाच ते तोडायची मनाई. लोकांची ओरड एवढी झाली की पुढे १८२३ मध्ये ती जागा रद्द करावी लागली. म्हणजे टंचाई एकच, जहाजेही तशीच, आणि दोन राज्यांनी काढलेली वाट अगदी वेगळी.

परभणीत बसून सागाच्या गोष्टी सांगणे हा थोडा चावटपणाच आहे. जंगल म्हणावे असे या जिल्ह्यात फारसे नाही, आणि राज्यात सर्वांत कमी वने असलेल्या जिल्ह्यांत आपले नाव येते. आपले लाकूड बाभळीचे. बैलगाडीच्या चाकाचे आरे बाभळीचे, नांगर बाभळीचा, सुताराचे बलुते त्यावर चाले. ट्रॅक्टर आला, गाड्यांना लोखंडी आस आणि रबरी चाके आली, सुतार पुण्याला फर्निचरच्या कामाला गेले आणि बांधावरच्या बाभळी वीटभट्टीत. त्या कोणी लुटल्या नाहीत. धन्याच्याच संतोषाने गेल्या, कारण त्या वर्षी बियाण्याला पैसे हवे होते.

पाण्याचेही हेच. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेने पाणी न्यावे लागले, तेव्हा आमच्याकडेही लोक रात्र-रात्र टँकरची वाट पाहत होते. पाऊस कमी पडला हे खरे. पण पाऊस कमी पडला म्हणजे कोणाच्या नळाला किती आणि कोणाच्या उसाला किती, हे पाऊस ठरवत नाही. गोदावरीच्या खोऱ्यात वरच्यांनी किती अडवावे आणि जायकवाडीत किती सोडावे, यासाठी २००५चा कायदा आहे, समन्यायी वाटपाचे तत्त्व त्यात लिहिलेले आहे, आणि तरीही तुटीच्या वर्षी प्रत्येक वेळी कोर्टाची पायरी चढावी लागते. जिंतूर तालुक्यातले येलदरी भरले की परभणीकर निश्चिंत होतो आणि नाही भरले की आभाळाकडे पाहतो. वेळापत्रकाकडे, आकडे भरणाऱ्या कार्यालयाकडे पाहण्याची सवय आपल्याला लागलेली नाही. पोराला खेळातली टंचाई ‘मुद्दाम’ आहे हे कळल्यावर राग आला. आम्हा मोठ्यांना पाण्याच्या बाबतीत तसा राग शेवटचा कधी आला होता, ते मी त्या दुपारी आठवत राहिलो.

पाचच्या सुमारास लाईट गेली. समुद्र, गलबत, करवत, सगळे एकदम काळे झाले. मोबाइलवर मानवतच्या पोराचा फोन आला, की त्याची लाईट आहे आणि तो तेवढ्यात एकटा जाऊन पाहतो. मग ऊन उतरल्यावर आम्ही तिघे, मी, भाचा आणि त्याचे आजोबा, मोटारसायकल आणि एक जुनी लुना अशा वाहनांनी शेतावर गेलो. बांधावर तीन बाभळी आहेत, त्यांतली एक जुनी, बुंधा दोघांच्या कवेत न मावणारा. भाच्याने तिला हात लावून पाहिले, वर पाहिले.

“आजोबा, हिचं किती लाकूड निघंल?”

“भट्टीवाला दोनदा येऊन गेला,” आजोबा म्हणाले. “अकरा हजार म्हणायला होता. मी म्हणलं, बघू.”

भाच्याने खिशातून वही काढली नाही, पण मला वाटते, आकडा त्याने लक्षात ठेवला.